अठरा होड्या

पेतेलो आणि त्याचा मेहुणा लिनो अतू नावाचे मासे पकडायला गेले आणि संध्याकाळच्या प्रार्थनेपर्यंत परतले नाहीत, तेव्हा आमच्या बेटावर पेट्रोल फार थोडं उरलं होतं. आपिया बंदरातून येणारं सामानाचं जहाज लांबलं होतं. तांदूळ-पीठ नसलं तर चालून जातं. नारळ आहे, नीरफणस आहे, मासा आहे. पण होडीचं इंजिन शहाळ्याच्या पाण्यावर चालत नाही.

पेतेलो माझ्या मावसबहिणीचा, तेलेसियाचा नवरा. अबोल माणूस. चर्चचं छप्पर शाकारायचं असो की कुणाची विहीर उपसायची असो, बोलावण्याआधी येऊन कामाला लागायचा आणि काम संपलं की कुणाच्या लक्षात येण्याआधी निघून जायचा. लिनो म्हणजे तेलेसियाचा धाकटा भाऊ. तो अगदी उलट. चालताना शीळ, खाताना बडबड. तो बहिणीकडेच राहायचा. "तुझ्या भावाला होडीत घेतलं की मासे आधीच पळून जातात," असं पेतेलो बायकोला म्हणायचा. तरी रोज त्यालाच घेऊन जायचा.

त्या संध्याकाळी चार होड्या प्रवाळाच्या कड्याबाहेर जाऊन बत्त्या फिरवून आल्या. काही दिसलं नाही. आमच्या बेटाचा कारभार न्यूझीलंडकडे, तिकडे रेडिओवरून कळवलं, पण शोधाचं विमान यायला वेळ लागणार होता.

मी तेलेसियाकडे राहिले. पहाटे फलानिको आजोबा आले. गावाची मासळी किनाऱ्यावर एकत्र येते आणि घराघरांत वाटली जाते, त्या वाटणीला आम्ही इनाती म्हणतो, आणि ती वाटणी गेली कित्येक वर्षं तेच करत होते. तान्ह्या पोराला वाटा, अंथरुणाला खिळलेल्या म्हातारीलाही तेवढाच वाटा. त्यांच्या वाटणीवरून गावात कधी भांडण झालेलं मला आठवत नाही.

तेलेसिया चुलीपुढे बसली होती. नीरफणस एका अंगानं करपला होता, तिचं लक्ष नव्हतं.

"पोरी," आजोबा टेकत म्हणाले, "सभा बसायच्या आधी एक विचारायचंय. होड्या जास्त काढल्या तर लांब जाता येणार नाही. लांब जायचं तर थोड्याच निघतील. तुला काय वाटतं?"

ती पटकन म्हणाली, "हे फार लांब जाणारे नाहीत, आजोबा. इंजिन बंद पडलं असेल. इथेच कुठेतरी वल्ही मारत बसले असतील. जास्त होड्या काढा. शेजारून होडी गेली आणि दिसले नाहीत, असं नको व्हायला."

"बरं." ते गुडघ्यावर हात टेकून उठले. दारात थांबून माझ्याकडे वळले. "सभेत मी बोलेन ते माझं म्हणून बोलेन. हिचं नाव कुणी काढायचं नाही. कळलं ना, अकाता?"

मी मान हलवली.

सभाघरापुढे गावातलं जे काही होतं ते आणून मांडलं होतं. पेट्रोलचे कॅन चोपन्न. पावसानं दडी मारल्यामुळे टाक्या तळाला गेल्या होत्या. पाण्याच्या मोठ्या बाटल्या भरल्या त्या नव्वद. दुकानातले बिस्किटांचे पुडे एकशे सव्वीस. शहाळी कुणी मोजली नाहीत, ती होडीत मावतील तेवढी.

मी शाळेत शिकवते, म्हणून मला फळ्यासकट बोलावलं होतं. हिशेब सगळ्यांच्या डोळ्यांसमोर व्हायला हवा होता.

"किती होड्या निघतील?" अमेतोनं विचारलं. तो पेतेलोचा थोरला भाऊ. रात्रभर पाण्यावर होता, डोळे लाल झाले होते.

"दोन गोष्टी पाळायच्या," फलानिको आजोबा म्हणाले. "सगळ्या होड्यांत सगळं सारखं. आणि किनाऱ्यावर काही मागे ठेवायचं नाही."

"सारखंच कशाला? ज्याचं इंजिन मोठं त्याला जास्त द्या."

"एकाकडे जास्त, दुसऱ्याकडे कमी, असं झालं की रांग मोडते. ज्याचं संपतं तो फिरतो. मग त्याच्या शेजारच्याला एकटं राहवत नाही, तोही फिरतो. मधे खिंडार पडतं, आणि आपली माणसं नेमकी त्या खिंडारात असतात."



मी फळ्यावर तिन्ही आकडे लिहिले. वर्गात आम्ही याला मसावि म्हणतो, महत्तम सामाईक विभाजक. दिलेल्या सगळ्या संख्यांना काही न उरता भाग जाईल अशी सगळ्यांत मोठी संख्या. पुस्तकात ही गणितं फुलांच्या गुच्छांची असतात, पेन्सिलींच्या खोक्यांची असतात. मी अवयव पाडायला लागले. आजोबा जमिनीवर बसून कवड्या मांडत होते. बिस्किटांच्या ओळीतून त्यांनी पाण्याच्या ओळीएवढ्या कवड्या काढल्या, छत्तीस उरल्या. नव्वदातून छत्तीस दोनदा काढल्या, अठरा उरल्या. छत्तिसातून अठरा दोनदा काढल्या, काही उरलं नाही. मग चोपन्न कवड्यांची ओळ घेतली आणि त्यातून अठरा तीनदा उचलल्या. जमीन मोकळी झाली.

"अठरा," ते म्हणाले. माझाही खडू तिथेच थांबला होता.

अठरा होड्या. प्रत्येकीत तीन कॅन पेट्रोल, पाच बाटल्या पाणी, सात पुडे बिस्किटं.

अमेतो फळ्याजवळ आला. "आणखी कुठला आकडा बसतो, बाई?"

"नऊ बसतो. सहा, तीन, दोनही बसतात. पण सगळ्यांत मोठा अठरा."

"नऊमध्ये काय येतं?"

"सहा कॅन. दहा बाटल्या. चौदा पुडे."

"मग नऊच काढा." तो सभेकडे वळला. "तीन कॅनमध्ये जाऊन जाऊन जाणार कुठे? दुपारी तोंड फिरवावं लागेल. पाण्याची ओढ पश्चिमेकडे आहे, रात्रीत ते किती वाहत गेले असतील कुणाला ठाऊक. थोडे जाऊ, पण लांब जाऊ."

"आणि नऊ होड्यांमध्ये अंतर किती पडेल?" आजोबांनी विचारलं. "लाटेआड बसलेली होडी अर्ध्या मैलावरून दिसत नाही. माणूस पाण्यात असेल तर हाकेच्या अंतरावरूनही दिसत नाही."

"आजोबा, ही तुमची मासळी नाही वाटायला. माझा भाऊ आहे तिकडे."

"मासळी असती तर तुझं ऐकलं असतं रे. पुढच्या खेपेला चूक दुरुस्त करता आली असती."

 वडीलधाऱ्यांनी आपसात हलक्या आवाजात बोलून घेतलं. शेवटी सगळ्यांत वयस्कर गृहस्थांनी विचारलं, "फलानिको, तुझा शब्द काय?"

"अठरा."

सभेनं अठरा मान्य केलं. अमेतोनं वाद वाढवला नाही. आमच्याकडे सभेचा निर्णय झाला की तो सगळ्यांचा होतो. रांगेच्या मधली होडी त्यानंच घेतली.

आम्ही बायका किनाऱ्यावर उभ्या होतो. अठरा होड्या एकामागून एक प्रवाळातल्या वाटेनं बाहेर पडल्या आणि मोकळ्या समुद्रात गेल्यावर आडव्या पसरल्या, एकीवरून दुसरी दिसेल एवढ्या अंतरानं. तेलेसियानं तिन्ही मुलांना शेजारी घेतलं होतं. थोरली इओआना अकरा वर्षांची, माझ्याच वर्गातली. ती होड्या मोजत होती. शेवटची दिसेनाशी झाली तरी तिचे ओठ हलत होते.

संध्याकाळी अठराच्या अठरा परत आल्या. रांग कुठे मोडली नव्हती. मधे एक इंचही समुद्र न बघता सोडला नव्हता. आणि सापडलं काहीच नव्हतं. वल्हं नाही, टोपी नाही, तेलाचा तवंगसुद्धा नाही.

दुसऱ्या खेपेला पेट्रोल नव्हतं. मग विमान आलं. त्याचा आवाज यायचा, जायचा, पुन्हा यायचा. आठवडाभरानं तो बंद झाला आणि शोध थांबवल्याचं रेडिओवर कळलं. पाद्रीबाबांनी तेलेसियाला विचारलं, दोघांसाठी मिस्सा, म्हणजे चर्चमधली सामुदायिक प्रार्थना, ठेवायची का. ती म्हणाली, "कशासाठीची? मृतांसाठीची नको, आजाऱ्यांसाठीची ठेवा." तशीच ठेवली.

जहाज येऊन गेलं. मासेमारी सुरू झाली, इनातीही सुरू झाली. मासे वाळूवर मांडून आजोबा एकेका घराचं नाव आणि माणसं पुकारायचे. तेलेसियाच्या घरी सहा माणसं: ती, पेतेलो, तीन मुलं आणि लिनो. पहिल्या दिवशी तिचं नाव येण्याआधी सगळ्यांच्या माना खाली गेल्या.

"तेलेसियाचं घर," आजोबा म्हणाले, "सहा."

कुणी वर मान केली नाही. मासे तिच्या टोपलीत पडले. पुढच्या वेळीही सहाच. अमेतो तेवढ्यापुरता पाठ फिरवून जाळं आवरत बसायचा. आजोबांशी तो बोलत नव्हता.

इओआना शाळेत यायला लागली. राहिलेला धडा पुढे न्यायलाच हवा होता. मी पुस्तकातलं गणित फळ्यावर लिहिलं: चोवीस लाल फुलं, छत्तीस पांढरी, सारखे गुच्छ करायचे, एकही फूल उरता कामा नये, तर जास्तीत जास्त किती गुच्छ होतील? लिहून वळले तेव्हा वाटलं, हे आज नको होतं.

तिनंच हात वर केला. "बारा."

"बरोबर."

"बाई, सहा केले तर चूक का?"

"चूक नाही. सहाही होतात. प्रश्नात जास्तीत जास्त विचारलंय, म्हणून बारा."

"सहा केले तर गुच्छ मोठे होतात ना?"

"हो. मोठे होतात."

"मग काय पाहिजे ते कसं ठरवायचं?"

 वर्गातल्या प्रत्येक मुलाचा बाप नाहीतर काका त्या अठरा होड्यांत होता.

"ते गणितात नसतं, इओआना," मी म्हणाले. "गणित आपल्याला एवढंच सांगतं की काय काय होऊ शकतं. त्यातलं काय करायचं ते माणसं ठरवतात."

ती खाली बसली. तिचं समाधान झालं नव्हतं. माझंही झालं नव्हतं.

त्यानंतर बऱ्याच दिवसांनी, वाऱ्याची दिशाही बदलली होती तेव्हा, रेडिओवर निरोप आला. पश्चिमेला खूप दूर एका परदेशी मासेमारी जहाजाला एक होडी सापडली होती. होडीत एक जण होता. जिवंत.

एकच, हे कळलं. कोण, ते दुसऱ्या दिवसापर्यंत कळलं नाही. त्या दिवसभरात तेलेसियानं घर झाडून काढलं, चटया उन्हात टाकल्या, मुलांना न्हाऊ घातलं. मी सोबत होते. एकदाच ती म्हणाली, "ताई, देवाकडे काय मागू? एक मागितला की दुसरा जातो."

लिनो होता.

आपियाच्या दवाखान्यात राहून तो जहाजानं घरी आला. काठी टेकत उतरला. सगळं गाव धक्क्यावर होतं, पण तेलेसिया पुढे जाईपर्यंत कुणी हललं नाही. तिनं त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं आणि कितीतरी वेळ नुसती बघत राहिली.

"दाजींनी मला जगवलं," तो म्हणाला. शीळ घालणारा तो पोरगा कुठेतरी राहून गेला होता. आवाज म्हाताऱ्यासारखा झाला होता.

सभाघरात त्यानं सगळं सांगितलं. इंजिन पहिल्याच दिवशी दुपारी बंद पडलं. उघडून बघताना पेतेलोचा पाय कापला. आधी त्याला काही वाटलं नाही. वारा आणि ओढ दोन्ही पश्चिमेकडे, वल्ह्यांना दाद देईनात. पुढे पाऊस पडला तेव्हा पेतेलोनं ते पाणी करवंटीनं मोजून दोघांत सारखं केलं. पक्षी पकडला तर त्याचेही दोन भाग. पाय सुजून काळा पडला, ताप चढला.

"मी म्हणायचो, दाजी, तुम्ही आजारी आहात, तुम्ही जास्त घ्या. तर म्हणायचे, वाटा म्हणजे वाटा. गप्प पी." लिनोनं डोळे पुसले नाहीत, वाहू दिले. "मी बडबड करायचो ना, ती त्यांना आवडायची शेवटी. म्हणायचे, बोलत राहा. एके सकाळी मी बोलत होतो, आणि ते ऐकत नव्हते. मी जमेल तेवढी प्रार्थना म्हटली आणि त्यांना समुद्रात सोडलं. त्यानंतरही मी पाण्याचे दोन भागच करत होतो. दुसरा भाग संध्याकाळी प्यायचो."

सभाघरात बायका रडत होत्या. अमेतो रडत नव्हता. त्यानं हलक्या आवाजात विचारलं, "लिनो, आम्ही होड्या काढल्या त्या दिवशी, म्हणजे दुसऱ्या दिवशी, तुम्ही कुठे होता? काही अंदाज आहे?"

"आपलं बेट दिसत नव्हतं, दादा. पण पूर्वेला ढग हिरवट दिसत होते."

पुढे काही सांगायची गरज नव्हती. आमच्या प्रवाळाच्या कड्याआतल्या उथळ पाण्याचा हिरवा रंग ढगांच्या पोटावर उमटतो. तो किती लांबून दिसतो हे आमच्या मुलांनाही माहीत असतं. तीन कॅनमध्ये तिथवर जाऊन परत येता आलं नसतं. सहामध्ये आलं असतं.

अमेतो आजोबांसमोर जाऊन उभा राहिला. "मी सांगत होतो."

"सांगत होतास," आजोबा म्हणाले.

"नऊ होड्या म्हणालो होतो मी. तुम्ही अठरा म्हणालात."

"म्हणालो. माझा शब्द चुकला, अमेतो. तो माझाच होता." ते बसूनच होते, हात मांडीवर. "यापुढे इनाती दुसऱ्या कुणाकडे द्या. माझ्या हातचं कुणी घ्यावं असं मला आता वाटत नाही."

त्यांनी तेलेसियाकडे पाहिलं नाही. माझ्याकडे मात्र पाहिलं, आणि मी ओठ मिटून घेतले.

तेलेसिया उठून उभी राहिली.

"आजोबांचा नव्हता तो," ती म्हणाली. "माझा होता."

"पोरी, बस खाली."

"नाही बसत. त्या पहाटे ते माझ्या घरी आले होते. मला विचारलं त्यांनी, जास्त होड्या की लांब. मी म्हणाले जास्त. मी म्हणाले हे लांब जाणारे नाहीत."  "अकाता ताई तिथे होती. विचारा तिला."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. "खरं आहे," मी म्हणाले.

 मग अमेतो आजोबांना म्हणाला, "मला का नाही सांगितलंत? इतके दिवस मी तुमच्याकडे पाठ करून बसलो."

"सांगितलं असतं तर काय केलं असतंस?"

"तिला विचारलं असतं."

"तेच नको होतं. माझ्याकडे पाठ करून बसलास, त्यानं माझं काय बिघडलं? मी म्हातारा माणूस. तिच्या घरात तुझ्याच भावाची मुलं आहेत."

अमेतो तिथेच खाली बसला, दोघांच्या मधे. त्याचे खांदे हलायला लागले. तेलेसिया त्याच्याजवळ जाऊन बसली.  नऊ होड्यांना ते दिसले असते की नसते, हे कुणालाच सांगता आलं नसतं. लिनोला विचारलं, तर तो म्हणाला, "लाटा फार मोठ्या होत्या." एवढंच.

शनिवारी पेतेलोसाठी मिस्सा झाली, या वेळी मृतांसाठीची.

त्यानंतरच्या पहिल्या मासेमारीला आजोबा किनाऱ्यावर आले नाहीत. मासे वाळूत पडून राहिले, ऊन चढायला लागलं. अमेतोला सगळे म्हणाले, तू वाट. तो म्हणाला, "मला नाही येत," आणि आजोबांच्या घराकडे बघत राहिला. शेवटी तेलेसिया रिकामी टोपली कमरेवर घेऊन त्यांच्या दारात गेली. मीही मागोमाग गेले.

"मासे खराब होतायत, आजोबा."

"दुसऱ्या कुणाला सांग म्हटलं ना मी."

"कुणाला सांगू? सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघतायत. मुलं उपाशी आहेत माझी."

आजोबा हसले नाहीत, पण त्यांनी काठी शोधली. निघताना ती म्हणाली, "आणि आमचे आता पाच धरा."

ते थांबले. "मी सहा पुकारायला तयार आहे. तू म्हणशील तोवर."

"माहीत आहे मला. पाच."

किनाऱ्यावर येऊन त्यांनी मासे मोजले, लहान-मोठे वेगळे केले, ओळी मांडल्या. एकेक घर पुकारत आले. त्यांचा आवाज नेहमीपेक्षा बारीक होता, पण प्रत्येकाला ऐकू येत होता.

"तेलेसियाचं घर. पाच."

लिनो टोपली उचलायला वाकला, पण काठीमुळे त्याला जमेना. अमेतोनं पुढे होऊन ती उचलली, खांद्यावर घेतली आणि तेलेसियाच्या घराच्या वाटेला लागला. मुलं त्याच्या मागून गेली. आजोबांनी पुढच्या घराचं नाव घेतलं.